ज्यांच्यावर फिल्म काढली, त्यांना ती दाखवली का?

गेल्या महिन्यात एका मराठी टॉक शोमध्ये एका स्वतंत्र दिग्दर्शकाची मुलाखत झाली आणि तिचा मिनिटभराचा एक तुकडा आमच्याकडे हर्णैपासून मालवणपर्यंत बंदरावरच्या जवळजवळ प्रत्येक व्हॉट्सअॅप ग्रुपवर फिरला. त्याने कोकणातल्या मासेमारीवर डॉक्युमेंटरी केलीय, पारंपरिक मच्छीमार विरुद्ध पर्ससीन (माशांचा थवा घेरणारं मोठं जाळं) आणि एलईडीवाले (रात्री मोठे लाईट लावून मासा गोळा करणारे) हा विषय, आणि त्या तुकड्यात तो म्हणतो की रात्रीचा समुद्र लुटला जातोय आणि कोण लुटतंय ते सगळ्यांना माहितीय. झालं. अर्ध्या लोकांनी त्याला डोक्यावर घेतलं, अर्ध्या लोकांसाठी तो बाहेरचा, विकला गेलेला, कोकणाची बदनामी करणारा ठरला. त्याचं नाव मी मुद्दाम लिहीत नाहीय, कारण मला त्या एका माणसाबद्दल बोलायचं नाही, अशा मुलाखती घ्यायची जी पद्धत पडलीय तिच्याबद्दल बोलायचंय.

पूर्ण मुलाखत दीड तासाची आहे. त्यात फिल्मबद्दल जेमतेम दहा-बारा मिनिटं बोलणं झालं असेल, बाकी सगळा वेळ काय तर धमक्या आल्या का, तुम्ही विकासाच्या विरोधात आहात का, परदेशातून पैसा येतो का, कुठल्या पक्षाचे, सेन्सॉरने अडवलं तर काय करणार. आणि विचारणाऱ्याने फिल्म बघितलेली नव्हती हे त्याच्या प्रश्नांवरूनच कळत होतं, कारण ट्रॉलर (जाळं मागे ओढत नेणारी बोट) आणि पर्ससीन यातला फरकच त्याला माहीत नव्हता आणि फिल्मचा अर्धा भाग त्या फरकावर उभा आहे.

मी फिल्म बघितलीय, पण पुण्यात, एका छोट्या हॉलमध्ये. रत्नागिरीत ती आजपर्यंत लागलेली नाही, मालवणात नाही, देवगडात नाही. म्हणजे ज्या किनाऱ्यावर शूट झालं तिथल्या लोकांनी मुलाखत बघितली आणि फिल्म मात्र पुण्या-मुंबईच्या लोकांनी बघितली.

अशा मुलाखतीला लोक आक्रमक म्हणतात, अँकरने कसं धरलं बघा म्हणून शेअर करतात. मला उलटं वाटतं. अशा मुलाखतीत दिग्दर्शक सुटतो. तुम्हाला भीती वाटत नाही का असं विचारल्यावर माणूस काहीही बोलला तरी शूरच दिसणार, आणि तुम्ही देशद्रोही आहात का असं विचारल्यावर त्याला चिडायचा पूर्ण हक्क मिळतो आणि बघणाऱ्याची सहानुभूतीपण मिळते. पण अमुक माणसाचा चेहरा का झाकला नाही, तमुक माणसाला अर्धंच वाक्य का दिलं, दोन वर्षं शूटिंग केलंत त्यातलं काय टाकून दिलंत आणि का, हे कोणी विचारलंच नाही तर त्याला त्याच्या कामाचा हिशोब द्यावाच लागत नाही. विरोधकांना शिव्या घालायला खलनायक मिळतो, समर्थकांना हुतात्मा मिळतो, चॅनलला व्ह्यूज मिळतात आणि फिल्म तशीच बाजूला राहते.

एक प्रसंग सांगतो म्हणजे मला काय म्हणायचंय ते कळेल. फिल्ममध्ये साधारण मध्यावर एक पोरगेला खलाशी आहे, विशीचा असेल, नेपाळहून आलेला. आता कोकणातल्या मोठ्या बोटींवर नेपाळी खलाशी भरपूर आहेत हे बंदरावर जाणाऱ्या कोणालाही माहितीय, आपली पोरं मुंबईला गेली आणि त्यांच्या जागी ही पोरं आली. तो जेटीवर बसून फाटलेलं जाळं शिवतोय, सकाळचं ऊन थेट तोंडावर आहे, आणि मोडक्यातोडक्या मराठी-हिंदीत तो सांगतो की रात्री लांब गेलं की जनरेटर चालू करतात, मोठे लाईट पाण्यावर सोडतात, मासा उजेडाला गोळा होतो, मग भोवती जाळं टाकायचं आणि खालची दोरी ओढून तळ बंद करायचा, की लहान-मोठा सगळा मासा आत. हाताने करून दाखवतो, हसत हसत. आणि मग कॅमेऱ्यामागच्या माणसाला विचारतो, "ये मोबाईल पे आयेगा क्या?" पुढे उत्तर नाही. कट होतो आणि समुद्र दिसतो.

हा सीन जबरदस्त आहे, यात वाद नाही. पण तो पोरगा जे हसत सांगतोय त्यावर बंदी आहे. एलईडी लावून मासेमारी करायला केंद्राने नोव्हेंबर २०१७ मध्ये बंदी घातली. पर्ससीनवर राज्याने फेब्रुवारी २०१६ मध्ये निर्बंध आणले, सप्टेंबर ते डिसेंबर एवढाच काळ ठेवला. १९८१ च्या सागरी मासेमारी कायद्यात २०२१ मध्ये दुरुस्ती झाली आणि दंड लाखांच्या घरात गेले. म्हणजे तो पोरगा स्वतःच्या मालकाविरुद्ध कॅमेऱ्यासमोर पुरावा देत होता आणि त्याला ते माहीतच नव्हतं. टॉक शोवाल्यांनी मुलाखतीच्या जाहिरातीत नेमका तोच सीन वापरला, चेहऱ्यासकट. बंदरावर असं ऐकलं की त्याला बोटीवरून उतरवलं, हंगामाचा राहिलेला हिशोबपण धड दिला नाही. तो आता कुठे आहे ते विचारलं तर कोणी सांगत नाही.

दीड तासात यावर एक प्रश्न नाही. त्याला कल्पना दिली होती का, कागदावर सही घेतली का, घेतली असेल तर कुठल्या भाषेतल्या कागदावर, आणि फिल्म पूर्ण झाल्यावर बाहेर जायच्या आधी त्याला ती दाखवली का. हा शेवटचा प्रश्न माझ्या मते अशा कुठल्याही दिग्दर्शकाला पहिला विचारायला हवा. दिग्दर्शकाची बाजू घेणाऱ्यांनी तर जास्तच विचारायला हवा. मला स्वतःला त्याची बाजू पटते, एलईडीने किनाऱ्याची वाट लावलीय असंच माझं मत आहे, गिलनेटवाल्याला (पाण्यात उभं जाळं सोडणाऱ्याला) आणि रापणीला (किनाऱ्यावरून ओढायच्या जाळ्याला) बांगडा, तारली मिळेनाशी झालीय हे डोळ्यांनी दिसतंय. पण बाजू बरोबर असली म्हणून त्या पोराची किंमत मोजायचा अधिकार कोणाला मिळत नाही.

आणि हा प्रश्न काही मी नवीन काढलेला नाही. आनंद पटवर्धनांची 'बॉम्बे: हमारा शहर' ही १९८५ ची डॉक्युमेंटरी मुंबईतल्या झोपड्या पाडण्याच्या कारवाईवर आहे आणि तिच्यात एक बाई कॅमेऱ्यासमोरच दिग्दर्शकाला फैलावर घेते, की गरिबांचे फोटो काढून तुझं नाव होईल, आमचं काय होणार. पटवर्धनांनी तो भाग कापला नाही, फिल्ममध्ये ठेवला. ज्या दिग्दर्शकाशी आयुष्यभर सरकारं भांडली त्याला सगळ्यात अवघड प्रश्न ना सेन्सॉरने विचारला ना कुठल्या अँकरने, विचारला तो फुटपाथवरच्या एका बाईने. पुढे त्यांचीच 'जय भीम कॉम्रेड', जी मुंबईतल्या रमाबाई नगर या दलित वस्तीवरच्या १९९७ च्या पोलीस गोळीबारापासून सुरू होऊन २०११ मध्ये पूर्ण झाली, ती मुंबईत भायखळ्याच्या बीआयटी चाळीत लोकांसमोर दाखवली गेली, ज्या वस्त्यांची ती गोष्ट आहे तशाच वस्तीत. त्यांच्या मतांशी कोणाचं पटो न पटो, लोकांकडे परत जायची ही पद्धत मात्र मला महत्त्वाची वाटते. चौदा वर्षं लोकांमध्ये जाऊन शूट करायचं आणि मग लोकांना तिकिटाच्या आणि फेस्टिवलच्या पासच्या पलीकडे ठेवायचं, असं नाही केलं.

तुकड्यावरून भांडायची ही सवय किती खोल गेलीय ते बघायला लांब जायला नको, आपल्याच किनाऱ्यावर गोव्यात बघा. नोव्हेंबर २०२२ मध्ये पणजीत इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या समारोपाला ज्युरीचे अध्यक्ष, इस्रायली दिग्दर्शक नदाव लापिड यांनी 'द काश्मीर फाइल्स'ला स्टेजवरून प्रचारपट म्हटलं आणि देशभर गदारोळ झाला, बाजूने आणि विरुद्ध, आठवडाभर दुसरं काही नाही. त्या स्पर्धेत पंधरा सिनेमे होते. सुवर्ण मयूर हा पहिला पुरस्कार मिळाला तो कोस्टा रिकाच्या एका बाईच्या सिनेमाला, 'आय हॅव इलेक्ट्रिक ड्रीम्स', दिग्दर्शिका व्हॅलेंटिना मॉरेल. किती जणांना आठवतो? ज्या स्टेजवरून वाद झाला त्याच स्टेजवर तो जिंकला. वाद करू नये असं मी म्हणत नाहीय, लापिड बोलले ते पटलं नाही तर जरूर बोला, पण दोन मिनिटांच्या भाषणाने अख्खा महोत्सव खाल्ला आणि त्याचं कोणालाच काही वाटलं नाही, हे मला बरं लक्षण वाटत नाही.

त्याच इफ्फीत २०१७ मध्ये रवी जाधवांचा 'न्यूड' हा मराठी सिनेमा ज्युरीने निवडूनसुद्धा मंत्रालयाने यादीतून काढला होता, मल्याळम 'एस दुर्गा'बरोबर, आणि ज्युरीचे अध्यक्ष सुजॉय घोष यांनी राजीनामा दिला. तेव्हापण चर्चा सगळी सिनेमाच्या नावावर. पुढच्या वर्षी 'न्यूड' रीतसर सर्टिफिकेट घेऊन थिएटरात आला, त्यात काय होतं ते बघायला तोपर्यंत भांडणाऱ्यांपैकी किती जण गेले?

कोकणात हा प्रश्न जास्त टोकदार होतो कारण आमच्याकडे सिनेमाच येत नाही. जुन्या टॉकीज एकेक करून बंद झाल्या, जी स्क्रीन आहेत ती हिंदी आणि मोठ्या मराठी सिनेमांना पुरत नाहीत, डॉक्युमेंटरीचा तर प्रश्नच नाही. पुण्याच्या माणसाला मुलाखत आवडली नाही तर तो जाऊन फिल्म बघू शकतो, नाटे किंवा मिरकरवाडा बंदरावरच्या माणसासाठी मुलाखत हीच फिल्म. म्हणून मुलाखतवाल्याची जबाबदारी इथे दुप्पट आहे. आणि हे फक्त मासेमारीचं नाही. जैतापूर झालं, नाणार झालं, बारसू झालं, चिपळूणचा २०२१ चा पूर झाला, प्रत्येक वेळी कॅमेरे आले, लोकांनी घरात घेतलं, जेवायला घातलं, बायकांनी रडत रडत सांगितलं, आणि कॅमेरे गेले. यातलं किती परत आलं? राजापुरात तर रिफायनरीबद्दल लिहिणारे पत्रकार शशिकांत वारिशे यांचा फेब्रुवारी २०२३ मध्ये गाडीखाली जीव गेला आणि खुनाचा गुन्हा दाखल झाला. जिथे बोलण्याची किंमत एवढी असू शकते तिथे बाहेरून येऊन लोकांना बोलतं करणाऱ्याने नंतर तोंड दाखवायला हवं की नको?

बंदरावरचा एक म्हातारा तांडेल (बोट चालवणारा प्रमुख), ज्याची बोट फिल्ममध्ये चांगली पाच मिनिटं आहे, तो मला म्हणाला, "आमची बोट सगल्या जगाला दाखवलान, आमाला नाय दाखवलान." त्यात राग नव्हता. त्याला खरोखर बघायची होती, त्याचा भाऊ त्या शूटिंगनंतर वारला आणि भाऊ फिल्ममध्ये आहे असं त्याला कोणीतरी सांगितलं होतं. आहे. दोन शॉटमध्ये आहे, सुकाणू धरून उभा.

आता यावर जे आक्षेप येतात ते मला माहीत आहेत आणि ते फालतू नाहीत.

पहिला म्हणजे स्वतंत्र दिग्दर्शकाकडे पैसा कुठे असतो. खरंय. पूर्वी डॉक्युमेंटरी काढणारं सरकारी फिल्म्स डिव्हिजन होतं, ते २०२२ मध्ये एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळात विलीन झालं. चॅनलला डॉक्युमेंटरी नको असते. सर्टिफिकेटवरून अडलं तर दाद मागायला एक ट्रिब्युनल होतं, ते २०२१ मध्ये बंद केलं, आता थेट हायकोर्टात जायचं, आणि हायकोर्टात जायला वकील लागतो आणि वकिलाला पैसे लागतात. पटवर्धनांची १९९५ ची एक फिल्म दूरदर्शनने दाखवावी म्हणून प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं आणि निकाल २००६ मध्ये लागला. एवढी ताकद प्रत्येकात नसते हे मान्य. पण मी गावोगाव शो लावा म्हणत नाहीय. जिथे शूट केलंत त्या एका बंदरावर एक शो. प्रोजेक्टर, पडदा आणि दोन स्पीकर. आमच्याकडे गणपतीत वाडीवाडीला हे सामान निघतं, मंडळवाले आनंदाने देतील.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. आधी दाखवायची ठरवली तर लोक कापाकापी मागतील, बोटमालक म्हणतील हे काढा, पुढारी म्हणतील ते काढा, मग फिल्म उरणार काय? तर माझं मत स्पष्ट आहे, दाखवणं म्हणजे परवानगी मागणं नाही. शेवटचा कट दिग्दर्शकाचाच. पण सगळ्यांचं म्हणणं एका मापाने मोजायचंपण कारण नाही. चार बोटींचा मालक म्हणाला माझी बदनामी होतेय, तर त्याला वर्तमानपत्र आहे, वकील आहे, आमदार ओळखीचा आहे, त्याने जाहीर उत्तर द्यावं. महिन्याच्या पगारावरचा खलाशी म्हणाला माझा चेहरा झाका, तर मुकाट झाकायचा. त्याने सीन थोडा कमजोर होईल. होऊ दे.

तिसरं म्हणजे कायदा-सुव्यवस्था. शो लावला तर राडा होईल, पोलीस नोटीस देतील, हॉलवाला ऐनवेळी नाही म्हणेल. कोकणात नाटकांच्या बाबतीतपण हे अनुभव लोकांनी घेतलेत. इथे एक गोष्ट लोकांना माहीत असायला हवी. सर्टिफिकेट मिळालेला सिनेमा निदर्शनांच्या किंवा हिंसेच्या धमकीमुळे दडपता येत नाही, धमकी देणाऱ्यांना आवरणं हे सरकारचं काम आहे, असं सुप्रीम कोर्टाने १९८९ मध्ये एस. रंगराजन खटल्यात सांगून ठेवलंय. २०११ मध्ये 'आरक्षण' या हिंदी सिनेमाच्या वेळी कोर्टाने तेच परत सांगितलं. त्यामुळे आयोजकाने घाबरून हॉल रद्द केला तर निदान कायद्याच्या नावाने तरी करू नये.

आणि राडा होईलच असं का धरायचं? आमच्या रत्नागिरीकडच्या माणसाला समोरासमोरचे सवाल-जवाब नवीन नाहीत. शक्तीतुऱ्याची बारी आठवा. रात्रभर शक्तीवाले आणि तुरेवाले एकमेकांना पुराणातले, व्यवहारातले सवाल टाकतात, टोमणे मारतात, प्रेक्षक शिट्ट्या मारतात, पण समोरच्याचा सवाल पूर्ण ऐकल्याशिवाय शाहिराला जवाब बांधताच येत नाही, आणि ज्याला मुळातली कथाच माहीत नाही असा शाहीर उभा राहिला तर पब्लिक त्याला पहिल्या फेरीतच बसवतं. मुलाखत घेणाऱ्याकडून आम्ही एवढीसुद्धा अपेक्षा ठेवत नाही याचं मला खरंच वाईट वाटतं. दीड तास त्याच्या हातात, समोर दोन वर्षं समुद्रावर काढून आलेला माणूस, आणि हा विचारतो तुम्हाला ट्रोल केलं तेव्हा कसं वाटलं.

मी मुलाखतकार असतो तर मालकांच्या बाजूचं पण विचारलं असतं. फिल्ममध्ये एक पर्ससीनवाला आहे, त्याला वीस-पंचवीस सेकंद मिळतात आणि तेवढ्यात तो फक्त ओरडताना दिसतो. मी त्या लोकांशी बोललोय. ते सांगतात की बोटीवर बँकेचं कर्ज आहे, डिझेल परवडत नाही, कर्नाटकातल्या मलपीचे हायस्पीड ट्रॉलर आपल्या हद्दीत शिरून मासा ओढून नेतात आणि त्यांना कोणी धरत नाही, मग आम्हीच का सगळं पाळायचं. हे ऐकून माझं मत बदलत नाही, परराज्यातल्याने चोरी केली म्हणून आपण केली तर समुद्र लवकर संपेल एवढंच. पण हे त्याच्या तोंडून फिल्ममध्ये यायला हवं होतं, कारण प्रत्यक्षात भांडण असंच आहे, एकाच गावातले, कधी कधी एकाच भावकीतले लोक दोन्ही बाजूला आहेत. ते का आलं नाही, शूट केलं नाही की एडिटला गेलं, हा प्रश्न दिग्दर्शकाला घाम फोडणारा आहे आणि त्याचा फायदा त्यालाच झाला असता, पुढच्या कामात.

पैशाचाही प्रश्न विचारावा, जरूर विचारावा, पण नीट. परदेशी पैसा आहे का असं मोघम विचारून संशय सोडून द्यायचा याला विचारणं म्हणत नाहीत. फिल्मला किती खर्च आला, कोणी दिला, देणाऱ्याने कुठे हात घातला का, आणि बक्षिसाचे पैसे आले त्यातलं बंदरावर काही गेलं का, असं विचारा. आणि हेच चॅनलवाल्यांनापण विचारायला हवं, कारण त्या एका तुकड्यावर त्यांची जाहिरात चालली आणि नोकरी गेली ती खलाशाची.

तर आता करायचं काय. शो मे महिन्याच्या तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात लावावा, कारण १ जूनपासून दोन महिने मासेमारी बंद, बोटी वर ओढायची गडबड सुरू झालेली असते पण खलाशी अजून गावी गेलेले नसतात, हिशोबासाठी थांबलेले असतात. जूनमध्ये लावला तर मालकच उरतात आणि मग ती चर्चा एकतर्फी होते. पावसाचा नेम नाही म्हणून लिलावाच्या शेडमध्ये लावायचा, ती तशीपण संध्याकाळी रिकामी असते. फिल्ममध्ये नेपाळी आणि कन्नड बोलणारी माणसं आहेत, त्यांच्यासाठी कोणीतरी दुभाषा बसवायचा. दिग्दर्शकाने शो संपेपर्यंत मागे उभं न राहता पुढे यायचं आणि टॉक शोवाल्यांना यायचं असेल तर त्यांनीही यावं, फिल्म संपल्यावर कॅमेरा चालू करावा, आणि पहिला माईक त्या तांडेलाला द्यावा, दुसरा पर्ससीनवाल्याला. आणि तो खलाशी कुठे आहे ते दिग्दर्शकाने मेच्या आत शोधावं. त्याचा नंबर फिल्मच्या युनिटमधल्या कोणाच्या तरी फोनमध्ये नक्की असणार.